पोर्त्सेल्की करताना नेमकं कुठे चुकतं: भिजवलेल्या बेदाण्यापासून शेवटच्या घाण्यापर्यंत

कॅनडातल्या दक्षिण मॅनिटोबात राहायला आल्यापासून दर ३१ डिसेंबरला दुपारी मला मराठी मैत्रिणींचे फोन येतात. तक्रार ठरलेली असते: बाहेरून काळपट झालं, आत पीठ कच्चंच राहिलं. किंवा तेल इतकं प्यालं की कागद बदलून बदलून थकले. किंवा बेदाणे फटाफट फुटून अंगावर तेल उडालं. यातली जवळजवळ प्रत्येक चूक तळणाच्या कितीतरी आधी झालेली असते. म्हणून हा लेख तळणापर्यंत सावकाश पोचणार आहे.

पोर्त्सेल्की म्हणजे मेनोनाइट घरांत नववर्षाला होणारे बेदाण्यांचे तळलेले गोळे. मेनोनाइट हा एक ख्रिस्ती पंथ, आणि इथे म्हणजे ज्यांचे पूर्वज १८७४ पासून दक्षिण युक्रेनमधून मॅनिटोबा आणि कॅन्ससमध्ये आले ते. त्यांच्या घरच्या प्लाऊटडीच बोलीत या नावाचा रोख कोलांटी खाण्याकडे आहे: गोळा तेलात एका बाजूने फुलला की आपोआप उलटतो. हे नाव लक्षात ठेवा, कारण पुढे तीच आपली परीक्षा आहे. इंग्रजीत यांना न्यू इयर्स कुकीज म्हणतात, आणि त्या नावाने फसून काही जण खुसखुशीत बिस्किटाच्या अपेक्षेने पीठ घट्ट करतात. उलट आपल्याकडचे लोक त्यांना भजी समजतात आणि पीठ कालवून लगेच कढईत सोडतात. दोन्हींत पदार्थ बिघडतो. हा यीस्टचा पाव आहे, फक्त भट्टीऐवजी तेलात भाजला जातो. पावाला जे लागतं ते सगळं याला लागतं: कोमट दूध, तार सुटेपर्यंत फेटणं, आणि फुगायला वेळ.

१. आधी वेळ मोजा, मग सामान काढा

साधारण ४० गोळ्यांसाठी सुमारे चार तास लागतात. त्यातला हाताला काम असणारा वेळ दीड तासाचा आहे, बाकी वाट पाहणं. पण ही वाट मधूनच तोडता येत नाही. पीठ फुगून तयार झालं की ते तुमच्यासाठी थांबत नाही.

उलट्या क्रमाने मोजा. संध्याकाळी सहाला पाहुणे येणार असतील तर पाचला शेवटचा घाणा निघायला हवा. तळायला सुमारे तास लागतो, म्हणून चारला तेल तापलेलं हवं. पीठ फुगायला सव्वा तास, म्हणजे पावणेतीनला ते झाकून ठेवलेलं हवं. कालवणं-फेटणं अर्धा तास, म्हणजे सव्वादोनला सुरुवात. आणि बेदाणे भिजवून कोरडे करायला त्याआधीचा तास-दीड तास. बेदाण्यांचं काम आदल्या रात्री उरकलं तर दिवस पुष्कळ सोपा जातो.

सामान, वजनात:

- मैदा ५०० ग्रॅम
- दूध ३२५ मिलिलिटर (कॅनडा-अमेरिकेतल्या मैद्याला ३५० ते ३७५)
- अंडी ३, फ्रिजबाहेर काढून ठेवलेली
- साखर ६० ग्रॅम
- लोणी ५० ग्रॅम
- मीठ ८ ग्रॅम, म्हणजे साधारण दीड छोटा चमचा
- इन्स्टंट यीस्ट ७ ग्रॅम, किंवा साधं कोरडं दाणेदार यीस्ट ९ ग्रॅम
- बेदाणे ३०० ग्रॅम
- तळायला वास नसलेलं तेल, दीड ते दोन लिटर
- घोळवायला साखर

मैद्याबद्दल थोडं थांबून सांगते, कारण भारतात करणाऱ्यांची पहिली ठेच इथेच लागते. कॅनडातल्या साध्या मैद्यात प्रथिनं साधारण १२-१३ टक्के असतात. आपल्याकडच्या मैद्यात ती बहुतेक वेळा १०-११ टक्क्यांच्या आसपास असतात. प्रथिनं कमी म्हणजे मैदा पाणीही कमी शोषतो. इथल्या एखाद्या शेजारणीने लिहून दिलेलं माप जसंच्या तसं पुण्यात वापरलं तर पीठ सैल होतं, चमच्यावर गोळा धरत नाही आणि तेलात चपट्या, शेपट्या फुटलेल्या आकृत्या तरंगतात. म्हणून भारतात करताना दूध एकदम सगळं ओतू नका, अर्धी वाटी मागे ठेवा.

भारतात मिळणारं पिवळं लोणी खारट असतं. ते वापरणार असाल तर मीठ पाव चमचा कमी करा.

सावधान: गोड कमी वाटेल म्हणून पिठातली साखर वाढवू नका. साखर जास्त झाली की गोळा बाहेरून झटपट काळा पडतो आणि आत शिजायला वेळच मिळत नाही. गोडवा बेदाण्यांतून आणि वरून घोळवलेल्या साखरेतून येतो. खायचा सोडाही घालू नका. यीस्ट असताना त्याची गरज नाही, आणि सोड्याने रंग लवकर गडद होतो, तेल जास्त ओढलं जातं आणि जिभेवर साबणासारखी चव राहते.

२. बेदाणे: सगळ्यात दुर्लक्षित काम

बिया नसलेले बेदाणे घ्या. काळ्या मोठ्या मनुकांत बिया असल्या तर मऊ पावात दाताखाली कचकन येतात. महाराष्ट्रात असाल तर तासगाव-सांगलीकडचा हिरवट, लांबट बेदाणा उत्तम लागतो, जरा आंबूस असल्याने वरच्या साखरेशी त्याचं छान जमतं. मात्र तो धुतल्याशिवाय घेऊ नका. द्राक्षं रॅकवर सुकवण्याआधी पोटॅशियम कार्बोनेट आणि डिपिंग ऑइलच्या पाण्यात बुडवतात, आणि फिकट रंग राखायला बऱ्याच मालाला गंधकाची धुरीही देतात. कोमट पाण्यात दोनदा चोळून धुतले की पुरे.

आता क्रम असा. देठ काढा, धुवा, मग बेदाणे बुडतील इतकं कडकडीत पाणी ओतून १० ते १५ मिनिटं ठेवा. फुगले, मऊ झाले की चाळणीत निथळा. त्यानंतर सुती पंच्यावर एका थरात पसरून किमान पाऊण तास ठेवा. मधे एकदा पंचा बदला.

भिजवायचेच कशाला, असं वाटेल. सुके बेदाणे पिठातलं पाणी स्वतःकडे ओढतात, त्यामुळे प्रत्येक बेदाण्याभोवती पीठ घट्ट होतं. शिवाय गोळ्याच्या पृष्ठभागावर आलेला सुका बेदाणा तेलात जळून कडू होतो. भिजवलेला बेदाणा रसरशीत राहतो आणि उशिरा जळतो. पण तोच बेदाणा ओला असेल तर दोन संकटं: पीठ सैल होतं, आणि सालीवरचं पाणी तेलात पडताच तडतडून उडतं. भिजवणं आणि कोरडं करणं ही एकाच कामाची दोन टोकं आहेत, अर्धं केलं तर न केल्यापेक्षा वाईट.

तपासा: मूठभर बेदाणे कोरड्या कागदी रुमालात दाबा. रुमालावर ओले डाग उमटले तर अजून ठेवा. पिठात घालायच्या आधी मोजलेल्या मैद्यातलाच एक मोठा चमचा मैदा त्यांवर भुरभुरा आणि हाताने हलवा. त्यामुळे ते एकमेकांना चिकटून गठ्ठे होत नाहीत.

३. दूध आणि यीस्ट

दूध एकदा उकळून घ्या, आधी उकळलेलं असेल तर प्रश्नच नाही. उकळल्याने दुधातली काही प्रथिनं बदलतात, तशीच राहिली तर पीठ फुगण्यात अडथळा आणतात. मग साय बाजूला करून दूध निवू द्या. किती? दही लावायला घेतो तितकं. आपल्या घरात हे बोटाला नेमकं ठाऊक असतं, म्हणून थर्मामीटरपेक्षा मी हीच खूण सांगते. आकडाच हवा असेल तर ३८ ते ४० अंश. ५५-६० अंशांच्या पुढे यीस्ट मरतं, आणि मेलेल्या यीस्टचं पीठ कितीही वेळ ठेवा, फुगणार नाही.

गरम दुधातच लोणी विरघळवून दोन्ही एकत्र निवू दिलं तर उत्तम. इथे आपली एक जुनी सवय आड येते. शंकरपाळ्या-करंज्यांच्या पिठात आपण कडकडीत मोहन घालतो आणि ते चुरचुरलं की समाधान वाटतं. इथे गरम मोहन घातलं तर यीस्ट जागीच मरेल, आणि जिथे जिथे तूप लागेल तिथे मैद्याचे धागे जुळणार नाहीत, पदार्थ खुसखुशीत होईल. आपल्याला खुसखुशीत नको आहे, तो ओढला तर ताणून तुटायला हवा.

दाणेदार यीस्ट असेल तर पाव वाटी कोमट दुधात चिमूटभर साखर घालून त्यावर भुरभुरा आणि १० मिनिटं झाकून ठेवा. इन्स्टंट यीस्ट थेट मैद्यात घालता येतं. तरी पाकीट उघडून महिने झाले असतील तर तेही असंच पारखून घ्या.

तपासा: १० मिनिटांनी वर दाट फेस आणि पावाच्या दुकानातला वास यायला हवा. नुसते चार बुडबुडे दिसत असतील तर हे यीस्ट टाकून द्या आणि नवं आणा. तीन अंडी आणि पाव किलोहून जास्त बेदाणे त्याच्या भरवशावर घालू नका.

४. कालवणं आणि फेटणं

मोठं, उंच कडांचं पातेलं घ्या, पीठ दुपटीने वाढणार आहे. मैदा, साखर, मीठ एकत्र करा. इन्स्टंट यीस्ट असेल तर ते आताच, पण मिठावर थेट ढीग करून नको, दुसऱ्या बाजूला घालून मग मिसळा. अंडी वेगळी फेटून घ्या. मध्ये खळगा करून लोणी-दूध (मागे ठेवलेली अर्धी वाटी सोडून), फेटलेली अंडी आणि भिजवलेलं यीस्ट ओता. लाकडी डावाने मधून कडेकडे कालवत जा.

मग मागे ठेवलेलं दूध चमच्या-चमच्याने घाला आणि पिठाकडे बघा. हवं ते पीठ भज्याच्या पिठापेक्षा बरंच घट्ट आणि पोळीच्या कणकेपेक्षा बरंच सैल असतं. डाव उचलून वाकडा केला तर त्याची धार पडता कामा नये. ते एक क्षण डावाला धरून राहतं, मग जड होऊन, ताणत, एका लोंढ्यात खाली येतं. हाताने मळायचं झालं तर बोटांना असं चिकटेल की काही करता येणार नाही. तिथेच थांबा. चिकटतंय म्हणून मैदा वाढवू नका. माझ्याकडे येणाऱ्या निम्म्या तक्रारींत ही चूक असते, आणि त्याचा परिणाम म्हणजे आत दाटीवाटीचा, सुका, दुसऱ्या दिवशी दगड होणारा गोळा.

आता फेटायचं. ५ ते ७ मिनिटं, एकाच दिशेने, डाव पातेल्याच्या तळाशी नेऊन वर उचलत. दंड भरून येतो, पण हे काम टाळू नका, इथेच पावाची जाळी तयार होते. सुरुवातीला पीठ तुटक, खडबडीत असतं. हळूहळू ते चकचकीत होतं आणि डाव उचलला की त्यामागे पडद्यासारखं ताणलं जातं. तो पडदा तुटण्याआधी चार-पाच बोटं लांब आला की झालं. ज्यांच्याकडे उभं मिक्सर मशीन आहे त्यांनी चपट्या पात्याने मध्यम गतीवर ४ मिनिटं फिरवावं.

बेदाणे अगदी शेवटी. आधी घातले तर फेटताना साली फाटतात, रस पिठात उतरतो आणि पीठ करडं दिसतं. बेदाणे घातल्यावर फक्त वर-खाली उलथत मिसळा, १५-२० वेळा, बास.

अंडं न खाणाऱ्या घरांसाठी: तीन अंड्यांऐवजी १०० ग्रॅम ताजं, आंबट नसलेलं दही आणि ५० मिलिलिटर दूध घेऊन मी करते. चव चांगली येते, पण गोळा थोडा कमी फुलतो आणि साल जरा चिवट होते. त्यामुळे ते त्याच दिवशी संपवावेत. वेलची, जायफळ घालायचा मोह मला कळतो, चिमूटभराने बिघडत नाही. दालचिनी मात्र पिठात नको, ती यीस्टला मंद करते. हवी असेल तर वरच्या साखरेत मिसळा.

५. फुगवणं

पातेल्याच्या कडा खरवडून पीठ मधे घ्या, वर सपाट करा आणि बाहेरून पिठाच्या पातळीला रबर लावा किंवा खडूची खूण करा. अंदाजाने दुप्पट ठरवणारे लोक बहुतेक वेळा दीडपटीलाच थांबतात. ओला फडका किंवा ताटली झाकून ऊबदार जागी ठेवा.

२६ ते २८ अंशांत सव्वा तास पुरतो. मॅनिटोबाच्या घरात हिटर चालू असला तरी खिडकीजवळचा ओटा गार असतो, म्हणून मी बंद ओव्हनमध्ये फक्त दिवा लावून ठेवते. पुण्या-नाशकात डिसेंबरच्या रात्री ही वेळ दोन तासांवर जाऊ शकते. तिथे मोठ्या परातीत कोमट पाणी घेऊन त्यात पातेलं ठेवा, जसं थंडीत इडलीचं पीठ आंबवायला ठेवतो. मुंबई-कोकणात उलटी काळजी घ्यावी लागते. पॅराग्वेच्या चाको भागातल्या मेनोनाइट वसाहतींत तर नववर्ष ऐन उन्हाळ्यात येतं, आणि अशा हवेत पीठ पाऊण तासातही वर येतं. म्हणून घड्याळापेक्षा खुणेवर विश्वास ठेवा.

तपासा: पीठ खुणेच्या दुप्पट झालेलं, वरून घुमटासारखं, पृष्ठभागावर लहान बुडबुडे. ओलं बोट अर्धं पेर आत दाबून काढा. खड्डा लगेच भरून आला तर अजून वेळ आहे. सावकाश, अर्धवट भरला तर तळायला घ्या. बोट लावताच सगळं बसलं तर उशीर झाला. तेव्हा पीठ एकदा हलवून पुन्हा अर्धा तास फुगू द्या. पहिल्याइतकं सुंदर होणार नाही, पण वाचेल.

सावधान: फुगलेलं पीठ तळण्याआधी ढवळायचं नाही. शेवटचं एकसारखं करून घेऊ म्हणून डाव फिरवला की तासाभरात साठलेली हवा निघून जाते. पीठ कडेने काढत जायचं.

आणखी एक गोष्ट, जी सहसा कुणी सांगत नाही. ४० गोळे तळायला तास लागतो, आणि त्या तासात उरलेलं पीठ फुगतच राहतं. पहिला घाणा सुरेख आणि शेवटचा आंबूस, तेलकट, हे त्यामुळे होतं. उपाय सोपा आहे. फेटून झाल्यावर पीठ दोन पातेल्यांत विभागा आणि दुसरं पातेलं आधी अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवून मग बाहेर काढा. ते मागोमाग तयार होतं. दुप्पट माप करणार असाल तर हे करावंच लागेल.

६. भांडं आणि तेल

पीठ पावणेदोन पट झालं की तेल तापत ठेवा, म्हणजे दोन्ही एकदम तयार होतील.

आपली गोल बुडाची कढई इथे फारशी सोयीची नाही. तिच्या कडेला तेल उथळ असतं, आणि तिथे गेलेल्या गोळ्याला उलटायला जागाच मिळत नाही. जाड बुडाचं, सरळ कडांचं खोल पातेलं घ्या. तेल किमान आठ सेंटिमीटर खोल, पण भांड्याच्या निम्म्याहून वर नाही. एकदम पाच-सहा गोळे सोडले की तेल चढतं.

तेल सूर्यफुलाचं किंवा कॅनोलाचं. इथे कॅनोला सगळीकडे मिळतं, ते पीकही याच भागातलं. घाण्याचं शेंगदाणा तेल मला एरवी प्रिय आहे, पण त्याचा वास या पदार्थावर बसतो.

तापमान १७५ ते १८० अंश. या पदार्थासाठी तळणाचा थर्मामीटर घ्यावा असं मी आग्रहाने सांगते, कारण १० अंशांच्या फरकाने निकाल बदलतो. १६५ च्या खाली पीठ तेल पितं, १९० च्या वर बाहेरून जळून आत कच्चं राहतं. थर्मामीटर नसेल तर कोरड्या लाकडी डावाची दांडी तेलात बुडवा. तिच्याभोवती बारीक बुडबुडे सतत, शांतपणे येत असतील तर ठीक. सणसणून उसळत असतील तर तेल जास्त तापलंय. दुसरी खूण, इंचभर पावाचा तुकडा साधारण मिनिटभरात सोनेरी व्हावा.

सावधान: तेलातून धूर निघाला तर आच बंद करा आणि झाकण ठेवा. पेट घेतला तरी तेच: आच बंद, झाकण वर, आणि पाणी अजिबात नाही. भांड्याचं झाकण तळायला सुरुवात करण्याआधीच हाताशी ठेवा. मुलांना ओट्यापासून लांब ठेवा. हा सणाचा पदार्थ, घर भरलेलं असतं, आणि गोळे उलटताना बघायला सगळी पुढे सरसावतात.

७. तळणं

आधी एकच गोळा तळा. दोन मोठे चमचे घ्या, दोन्ही गरम तेलात बुडवून काढा. एका चमच्याने पातेल्याच्या कडेने लहान लिंबाएवढं पीठ उचला, त्यात चार-पाच बेदाणे आलेत ना बघा, आणि दुसऱ्या चमच्याने ते तेलाच्या अगदी जवळ नेऊन सरकवा. वरून टाकू नका, तेल उडेल आणि गोळ्याला शेपूट फुटेल. शेपट्या आधी जळतात आणि त्यांचे कण तेल काळं करतात.

गोळा बुडेल, दोन-तीन सेकंदांत वर येईल, मग फुलायला लागेल. साधारण दोन मिनिटांनी खालची बाजू हलकी होऊन तो स्वतःच कलंडतो. हीच ती कोलांटी. ती आपोआप झाली तर पीठ नीट फुगलंय, तेल पुरेसं खोल आहे आणि गोळा प्रमाणात आहे, हे एका क्षणात कळतं. न उलटल्यास काडीने हलकेच ढकला. काहींच्या एका बाजूला बेदाणे जास्त असतात, ते आळशी असतात. पण एकही उलटत नसेल तर पीठ कमी फुगलंय, १५ मिनिटं थांबा.

दोन्ही बाजू मिळून साडेचार ते पाच मिनिटं. रंग गुलाबजामपेक्षा फिकट, बदामाच्या सालीसारखा. काढून मधोमध फोडा, कापू नका. आत धागेदार, जाळीदार पाव दिसायला हवा. मधे ओलसर चकचकीत ठिपका दिसला तर आधी आकार कमी करा, मग आच. बहुतेक जण आधी आच वाढवतात आणि अडचण आणखी वाढते.

हा एक गोळा बरोबर जमला की मगच घाणा सोडा, एका वेळी पाच, फार तर सहा. जास्त सोडले की तेल २० अंशांनी उतरतं आणि सगळे एकदम तेल प्यायला लागतात. प्रत्येक घाण्यानंतर झाऱ्याने सुटे बेदाणे आणि पिठाचे कण काढा. एक जळका बेदाणा पुढच्या तीस गोळ्यांना कडवट करू शकतो. मग तेल पुन्हा १७५ वर येईपर्यंत थांबा, दोन-तीन मिनिटं लागतात.

तपासा: दर दुसऱ्या घाण्यातला एक गोळा फोडून बघा. तासाभराच्या कामात आच नकळत चढते, आणि रंग ठीक दिसला तरी आत कच्चं राहायला लागलं हे फोडल्याशिवाय कळत नाही.

८. निथळणं आणि साखर

काढलेले गोळे आधी कागदावर मिनिटभर, मग जाळीवर. एकावर एक रचू नका. खालचे वाफेने मऊ पडतात आणि साल सुरकुतते.

साखर कधी लावायची यावर सगळं अवलंबून आहे. तेलातून काढल्या काढल्या पिठीसाखरेत घोळवलं तर ती विरघळून चिकट लेप होतो. पूर्ण गार झाल्यावर घोळवलं तर ती धरतच नाही. हातात सहज धरता येईल इतके कोमट झाले की घोळवा, म्हणजे पाच-सात मिनिटांनी. दाणेदार साखर थोडी आधी चालते, पिठीसाखर थोडी नंतर. दाणेदार साखर फार जाड असेल तर मिक्सरमधून एकच झटका द्या. कित्येक मेनोनाइट घरांत साखर लावतच नाहीत, टेबलावर वाटी ठेवतात आणि प्रत्येक जण हवं तितकं बुडवून खातो. पाहुणे जास्त असतील तर मला हीच पद्धत आवडते, कारण साखर न लावलेले उरलेले गोळे ठेवता येतात.

९. उरले तर

साखर लावलेले त्याच दिवशी संपवा, रात्रभरात साखर ओलसर होते. न लावलेले पूर्ण गार करून घट्ट झाकणाच्या डब्यात दुसऱ्या दिवसापर्यंत ठीक राहतात. त्याहून जास्त ठेवायचे तर त्याच संध्याकाळी फ्रीझरमध्ये टाका, आधी ताटात सुटे गोठवून मग पिशवीत भरा, महिनाभर टिकतात. गरम करायला ओव्हन १५० अंशांवर, १० मिनिटं, गोठलेले असतील तर १५. ओव्हन नसेल तर जाड तव्यावर झाकण ठेवून अगदी मंद आचेवर, मधे एकदा उलटून. मायक्रोवेव्हमध्ये ते मिनिटभर मऊ लागतात आणि नंतर चामड्यासारखे चिवट होतात. साखर गरम झाल्यावरच लावा.

तळलेलं तेल पूर्ण गार झाल्यावर सुती कापडातून गाळून ठेवा. त्यात बेदाण्यांची साखर उतरलेली असते, त्यामुळे ते पुढच्या वेळी लवकर काळं पडतं. आठवडाभरात एखाद्या भाजीच्या फोडणीला वापरून टाका, पुन्हा तळणाला घेऊ नका.